घरकुलाचा अर्ज आणि निर्णयाचा हक्क

घरकुलासाठी केलेल्या अर्जावर ठरावीक मुदतीत निर्णय घ्यावा, असा आदेश उच्च न्यायालय जेव्हा एखाद्या पंचायत समितीला, जिल्हा परिषदेला किंवा नगरपरिषदेला देते, तेव्हा त्या आदेशाने अर्जदाराला घर मिळत नाही, अनुदानाचा पहिला हप्ताही मिळत नाही आणि प्रतीक्षा यादीतला त्याचा क्रमांक एका जागेनेही वर सरकत नाही. त्याला मिळते ते लेखी उत्तर. ज्याच्या घराच्या भिंती कुडाच्या आहेत आणि ज्याच्या छताचे पत्रे दर पावसाळ्यात गळतात, अशा माणसाला केवळ उत्तरासाठी उच्च न्यायालयापर्यंत जावे लागावे, हे बाहेरून पाहणाऱ्याला निष्फळ वाटते. परंतु अशा याचिका तयार करण्याच्या आणि त्यांवरील आदेश तालुक्याच्या कार्यालयापर्यंत पोहोचवण्याच्या कामात ज्यांची वर्षे गेली आहेत, त्यांचा अनुभव वेगळी साक्ष देतो. उत्तर मिळणे हा अनुदान मिळण्याहून वेगळा आणि त्याच्याही आधीचा हक्क आहे, आणि तो नाकारला गेला की पुढचे सारे हक्क कागदावरच राहतात, हा त्या अनुभवाचा गाभा असून प्रस्तुत लेखात त्याचीच मांडणी केली आहे. हा अनुभव प्रामुख्याने मराठवाड्यातील ग्रामीण अर्जदारांचा आणि मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापुढील कामाचा आहे.

गावात ज्याला सरसकट ‘घरकुल’ म्हटले जाते, त्या एका नावाखाली प्रत्यक्षात अनेक योजना येतात. १९८५ साली सुरू झालेल्या इंदिरा आवास योजनेची जागा १ एप्रिल २०१६ पासून प्रधानमंत्री आवास योजना (ग्रामीण) या योजनेने घेतली. तिच्यात सपाट प्रदेशात १,२०,००० रुपये व डोंगराळ किंवा दुर्गम भागात १,३०,००० रुपये अर्थसाहाय्य, स्वयंपाकाच्या जागेसह किमान २५ चौरस मीटरचे घर, रोजगार हमीतून ९० ते ९५ दिवसांची अकुशल मजुरी आणि शौचालयासाठी वेगळे १२,००० रुपये अशी रचना असून अर्थसाहाय्याचा ६० टक्के भार केंद्र शासन व ४० टक्के भार राज्य शासन उचलते. तिच्या जोडीला राज्याच्या स्वतःच्या योजना आहेत: अनुसूचित जाती व नवबौद्धांसाठी रमाई आवास, आदिवासींसाठी शबरी, विमुक्त जाती व भटक्या जमातींसाठी यशवंतराव चव्हाण मुक्त वसाहत, इतर मागासवर्गीयांसाठी २०२३ मध्ये सुरू झालेली मोदी आवास आणि ज्यांना बांधायला जागाच नाही त्यांच्यासाठी पंडित दीनदयाळ उपाध्याय यांच्या नावाची जागा खरेदी अर्थसाहाय्य योजना. शहरांत २५ जून २०१५ रोजी सुरू झालेल्या नागरी योजनेतील, लाभार्थ्याने स्वतः घर बांधण्याच्या घटकात केंद्राचे दीड लाख आणि राज्याचे एक लाख रुपये मिळतात. प्रत्येक योजनेची पात्रता वेगळी, निधीचे शीर्ष वेगळे आणि मंजुरी देणारा अधिकारीही वेगळा. अर्जदाराच्या अर्जावर मात्र पुष्कळदा ‘घरकुल मिळणेबाबत’ एवढाच विषय लिहिलेला असतो.

अर्ज कोणाकडे थांबला आहे, हा या कामातला पहिला प्रश्न असतो, आणि त्याचे उत्तर वाटते तितके सोपे नसते. राज्यघटनेच्या अनुच्छेद २४३-छ नुसार पंचायतींकडे सोपवता येणाऱ्या विषयांच्या अकराव्या अनुसूचीत ग्रामीण गृहनिर्माण हा विषय आहे. परंतु महाराष्ट्रातील प्रचलित रचनेत ग्रामपंचायत घरकुल मंजूर करीत नाही. ग्रामसभा यादीचे वाचन करते, पात्र-अपात्र ठरवून प्राधान्यक्रम लावते आणि ठराव पुढे पाठवते. पंचायत समितीतील गटविकास अधिकारी, विस्तार अधिकारी व ग्रामीण गृहनिर्माण अभियंता कागदपत्रांची आणि जागेची पडताळणी करतात. केंद्रीय योजनेची मंजुरी जिल्हा ग्रामीण विकास यंत्रणेच्या पातळीवर होते. रमाईसारख्या राज्य योजनांत सामाजिक न्याय विभागाचा आणि शबरीत आदिवासी विकास विभागाचा संबंध येतो. या साखळीतील प्रत्येक कडी अर्जदाराला पुढच्या किंवा मागच्या कडीकडे बोट दाखवू शकते. ‘तालुक्याला पाठवले आहे’, ‘झेडपीकडून आले नाही’, ‘ग्रामपंचायतीचा ठराव जोडलेला नाही’ ही तिन्ही उत्तरे एकाच अर्जाबाबत एकाच महिन्यात मिळू शकतात आणि तिन्ही आपापल्या परीने खरी असू शकतात. म्हणून याचिकेत प्रतिवादी म्हणून केवळ ग्रामपंचायतीचे नाव घातले आणि न्यायालयाने तिलाच निर्णय घेण्यास सांगितले, तर ‘मंजुरीचा अधिकार या कार्यालयास नाही’ असे एका ओळीचे पत्र मिळून आदेशाचे शब्दशः पालन होते आणि अर्जदार जिथे होता तिथेच राहतो.

प्रलंबित अर्ज हाही एकच प्रकार नसतो. काहींचे नाव कोणत्याच यादीत नसते आणि ते नव्याने घालावे अशी मागणी असते. काहींचे नाव २०११ च्या सामाजिक-आर्थिक व जात सर्वेक्षणावर आधारलेल्या ‘ब’ यादीत किंवा २०१८-१९ मधील आवास प्लस सर्वेक्षणातून तयार झालेल्या ‘ड’ यादीत असते, परंतु पडताळणीत त्यांच्यापुढे अपात्र असा शेरा पडलेला असतो आणि त्याविरुद्धची हरकत कोणी ऐकलेली नसते. काहींना घर मंजूर झालेले असते, पण जागा गावठाणाबाहेरची, गायरानातली किंवा भावकीत वाटणी न झालेली असल्यामुळे काम सुरू होत नाही. काहींचा जोता झालेला असतो, जिओ-टॅग केलेले छायाचित्र प्रणालीत चढलेले असते, तरी पुढचा हप्ता येत नाही. आणि काही अर्जांत मूळ लाभार्थी मरण पावलेला असून विधवेचे किंवा मुलाचे नाव वारस म्हणून लावायचे असते. या पाच प्रकारांत ‘निर्णय’ म्हणजे पाच वेगवेगळ्या गोष्टी आहेत. हप्ता अडकलेल्या माणसाला पात्रतेचा निर्णय नको असतो, तो झालेलाच असतो. त्याला हवे असते ते मूल्यांकन आणि देयक. हा भेद न करता सर्वांसाठी एकाच साच्यातली याचिका केली, तर आदेशही साचेबंदच मिळतो.

मराठवाड्यात या प्रश्नाला स्थलांतराची एक खास बाजू आहे. ऊसतोडीला जाणारी कुटुंबे साधारणपणे दसरा-दिवाळीच्या सुमारास गाव सोडतात आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी परततात. ग्रामसभेच्या ठरलेल्या दिवसांपैकी २६ जानेवारीला ती फडावर असतात. पडताळणीसाठी कर्मचारी येतो तेव्हा दाराला कुलूप असते, शेजारी खरे तेच सांगतात की घरची माणसे बाहेरगावी आहेत, आणि नावापुढे ‘कायमस्वरूपी स्थलांतरित’ असा शेरा पडतो. ज्या दारिद्र्यामुळे कुटुंबाला सहा महिने पाचटाच्या कोपीत राहावे लागते, त्याच दारिद्र्याचा परिणाम त्याला घरासाठी अपात्र ठरवण्याचे कारण होतो, ही या कामात वारंवार आढळलेली आणि प्रत्येक वेळी तितकीच अस्वस्थ करणारी गोष्ट आहे. अशा शेऱ्याविरुद्ध अर्जदार तोंडी तक्रार करतो, त्याला तोंडीच उत्तर मिळते, आणि पुढच्या हंगामाला तो पुन्हा निघून जातो. त्याच्याकडे दाखवण्यासारखा एकही कागद नसतो.

येथेच नकार आणि मौन यांतील फरक स्पष्ट होतो. लेखी नकार कितीही चुकीचा असला तरी त्याला तारीख असते, कारण असते, सही असते आणि म्हणून त्याविरुद्ध दाद मागता येते; मौनाविरुद्ध अपील करता येत नाही. या स्थितीवर कायद्याने दिलेला उपाय म्हणजे राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालील परमादेश, म्हणजेच सार्वजनिक कर्तव्य असलेल्या प्राधिकाऱ्याने ते कर्तव्य पार पाडावे असा उच्च न्यायालयाचा हुकूम. त्याची एक पूर्वअट आहे. आधी मागणी केलेली असावी आणि ती नाकारली गेली असावी किंवा तिच्याकडे दुर्लक्ष झालेले असावे, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने सरस्वती इंडस्ट्रियल सिंडिकेट प्रकरणात (१९७४) सांगितले आहे. त्यामुळे या कामाची खरी सुरुवात न्यायालयात न होता आवक-जावक टेबलावर होते. निवेदनाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, दिनांक आणि शिक्का घेणे, कर्मचारी पोच देत नसेल तर तेच निवेदन पोहोचल्याची नोंद मिळेल अशा टपालाने पाठवणे, आणि यादीत नाव कोणत्या क्रमांकावर आहे व कोणता शेरा आहे हे माहितीच्या अधिकारात लेखी मिळवणे, ही साधी कामे ज्याने केली त्याची याचिका उभी राहते. ज्याच्याजवळ पोच नाही, त्याचा अर्ज कायद्याच्या दृष्टीने अद्याप झालेलाच नसतो.

न्यायालय थेट ‘घरकुल मंजूर करा’ असे का सांगत नाही, हा प्रश्न अर्जदार नेहमी विचारतो आणि त्याला दिलेले उत्तर त्याला पटेल असे असावे लागते. पहिले कारण अधिकाराच्या विभागणीचे आहे. ज्या निर्णयात तथ्यांची तपासणी आणि स्वेच्छाधिकार असतो, तो निर्णय कायद्याने ज्याच्यावर सोपवला आहे त्यानेच घ्यावा लागतो. न्यायालय त्याला निर्णय घ्यायला भाग पाडू शकते, पण विशिष्ट निर्णय घ्यायला सहसा सांगत नाही. मनसुखलाल विठ्ठलदास चौहान विरुद्ध गुजरात राज्य (१९९७) या प्रकरणात उच्च न्यायालयाच्या हुकमावरून दिलेली खटल्याची मंजुरीच सर्वोच्च न्यायालयाने अवैध ठरवली, कारण मंजुरी द्यायची की नाही हे ठरवण्याचे स्वातंत्र्य त्या हुकमाने अधिकाऱ्याकडे उरू दिले नव्हते. अर्थात याला अपवाद आहेत. प्राधिकाऱ्याने जो आदेश द्यायलाच हवा होता तो योग्य प्रकरणात न्यायालय स्वतः देऊ शकते, असे नियंत्रक व महालेखापरीक्षक विरुद्ध के. एस. जगन्नाथन (१९८६) या निकालात म्हटले आहे, आणि घर बांधून पूर्ण झाल्यावर, मूल्यांकन झाल्यावरही हप्ता अडकलेल्या प्रकरणांत या निकालाचा आधार घेणे योग्य ठरते.

दुसरे कारण न्यायाचे आहे, आणि या कामात पडणाऱ्या प्रत्येकाने ते स्वतःशी तपासून पाहिले पाहिजे. घरकुलांचे वार्षिक उद्दिष्ट मर्यादित असते आणि ते प्राधान्यक्रमाने वाटायचे असते: आधी बेघर, मग एका किंवा दोन कच्च्या खोल्यांत राहणारे, आणि त्यांतही अधिक वंचित असलेले आधी. जो अर्जदार वकिलापर्यंत पोहोचला त्याला न्यायालयाच्या आदेशाने घर मिळाले आणि यादीत त्याच्या वर असलेली, कधीही तालुक्याबाहेर न गेलेली एकटी वृद्धा मागे पडली, तर तो न्याय म्हणता येणार नाही. निर्णय घेण्याचा आदेश या दोषापासून मुक्त आहे. तो कोणाचीही जागा हिरावून घेत नाही. तो फक्त अर्जदार रांगेत आहे की नाही, असल्यास कुठे आणि नसल्यास का, हे सांगायला लावतो. या आदेशाच्या मर्यादेतच त्याची नैतिक ताकद आहे, असे अनुभवांती म्हणावेसे वाटते.

निवाऱ्याच्या हक्काला न्यायालयांनी दिलेली मान्यता या सगळ्याच्या मुळाशी आहे. मुंबईच्या पदपथांवर राहणाऱ्यांच्या ओल्गा टेलिस प्रकरणात (१९८५) उपजीविकेचा हक्क जगण्याच्या हक्कात धरला गेला. महाराष्ट्रातूनच गेलेल्या शांतीस्टार बिल्डर्स प्रकरणात (१९९०) राहण्याजोग्या निवाऱ्याचा समावेश अनुच्छेद २१ मध्ये झाला. चमेली सिंग प्रकरणात (१९९६) निवारा म्हणजे नुसते डोक्यावरचे छप्पर नव्हे, तर पुरेशी जागा, प्रकाश, हवा, पाणी आणि स्वच्छता असलेले वास्तव्य अशी त्याची व्याप्ती सांगितली गेली. तरीही या निकालांतून एखाद्या व्यक्तीला अमुक योजनेतून अमुक वर्षी घर मिळालेच पाहिजे असा हक्क निर्माण होत नाही, कारण अहमदाबाद महानगरपालिका विरुद्ध नवाब खान (१९९७) या निकालात राज्याचे हे कर्तव्य त्याच्या आर्थिक ऐपतीशी जोडलेले आहे. थोर तत्त्व आणि मर्यादित निधी यांच्या मधल्या जागेत अर्जदाराच्या हाती निश्चितपणे उरतो तो एकच हक्क, आणि तो म्हणजे आपल्या अर्जाचा कारणांसह, भेदभावाशिवाय आणि वाजवी वेळेत निकाल लागण्याचा.

न्यायालयातील प्रत्यक्ष कामकाज थोड्या वेळाचे असते. दोन न्यायमूर्तींच्या पीठापुढे याचिका पुकारली जाते, सरकारी वकील सूचना घेण्यासाठी अवधी मागतात किंवा अर्जावर निर्णय घेतला जाईल असे सांगतात, आणि ‘गुणवत्तेवर कोणतेही मत व्यक्त न करता’ प्रतिवादींनी अर्जावर कायद्यानुसार अमुक आठवड्यांत निर्णय घ्यावा, असे सांगून याचिका निकाली काढली जाते. या एका परिच्छेदात काय लिहिले गेले आहे, यावर पुढचे सर्व अवलंबून असते. आंध्र प्रदेश राज्य मार्ग परिवहन महामंडळ विरुद्ध जी. श्रीनिवास रेड्डी (२००६) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने नुसते ‘विचार करावा’ अशा निर्देशांतील संदिग्धता दाखवून दिली आहे: अधिकारी कधी त्याचा अर्थ मागणी मान्य करण्याचा हुकूम असा घेतो, तर कधी ‘विचार केला आणि अमान्य केले’ असे लिहून मोकळा होतो. सी. जेकब प्रकरणात (२००८) याच न्यायालयाने दुसऱ्या बाजूचा इशारा दिला, की अनेक वर्षांपूर्वी मेलेला दावा निवेदनावर निर्णय घेण्याच्या आदेशाने पुन्हा जिवंत होत नाही. या दोन निकालांचा व्यवहारातला धडा असा, की मागणी वेळेत केलेली असावी आणि याचिकेच्या विनंतीतच चार गोष्टी स्पष्टपणे मागाव्यात: निर्णय कोणत्या पदावरील अधिकाऱ्याने घ्यायचा, त्याआधी अर्जदाराला म्हणणे मांडू द्यायचे, निर्णय सकारण असावा आणि तो अर्जदाराला लेखी कळवला जावा. विनंतीत मागितलेले आदेशात उतरण्याची शक्यता असते. न मागितलेले क्वचितच उतरते.

आदेश मिळाल्यानंतरचे काम याचिकेइतकेच महत्त्वाचे असते आणि बहुतेक वेळा तेच दुर्लक्षिले जाते. मुदत साधारणपणे आदेशाची प्रत प्राधिकाऱ्याला मिळाल्यापासून मोजली जाते, त्यामुळे प्रत पोहोचवून तिची पोच घेईपर्यंत घड्याळ सुरूच होत नाही. प्रतीसोबत मूळ अर्ज, ग्रामपंचायतीकडील घरनोंदीचा म्हणजे नमुना ८ चा उतारा, जॉबकार्ड, जातीचा दाखला, सध्याच्या घराची छायाचित्रे आणि यादीतील क्रमांक यांचा संच जोडून दिला, तर ‘कागदपत्रे अपूर्ण’ या शेऱ्याला जागा उरत नाही. सुनावणीला अर्जदाराबरोबर कोणी जाणकार असेल, तर अर्जदार काय बोलला याची टिपणी नस्तीवर येते. मग निर्णय येतो. तो अनुकूल असेल तर प्रश्न मिटतो. प्रतिकूल असला तरी त्यात लिहिलेल्या कारणांनाच यापुढे कार्यालय बांधलेले असते, कारण आदेशाची वैधता त्यातच नमूद केलेल्या कारणांवरून ठरते आणि नंतरच्या शपथपत्रात नवी कारणे घालून तो सावरता येत नाही, हे तत्त्व मोहिंदरसिंग गिल प्रकरणापासून (१९७८) पक्के झाले आहे. ऊसतोड कामगाराला ‘कायमस्वरूपी स्थलांतरित’ ठरवणारा शेरा एकदा सहीच्या आदेशात आला, की शिधापत्रिका, मतदार यादी आणि मुलांच्या शाळेचा दाखला दाखवून तो खोडता येतो. जोवर तो शेरा संगणकाच्या पडद्यावर होता, तोवर त्याला हात लावता येत नव्हता.

आदेशाचे पालन झाले नाही तर न्यायालयाचा अवमान अधिनियम, १९७१ चा मार्ग आहे. हेतुपुरस्सर अवज्ञा सिद्ध झाल्यास सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात, आणि कलम २० नुसार एका वर्षाच्या आत ही कार्यवाही सुरू व्हावी लागते. अनुभव असा, की अवमान याचिकेची नोटीस निघाल्यावर पुष्कळदा काही दिवसांतच निर्णय होतो. मात्र या मार्गाची सीमा जे. एस. परिहार प्रकरणाने (१९९६) आखून दिली आहे: निर्णय बरोबर असो वा चूक, तो एकदा घेतला गेला की अवमान उरत नाही, नवे कारण निर्माण होते आणि त्यासाठी नवी दाद मागावी लागते. ज्या माणसाचा रोज बुडतो त्याला ही दुसरी फेरी परवडत नाही. म्हणून पहिल्याच आदेशात सकारण निर्णयाचा आग्रह धरणे हे वकिलाचे कर्तव्य ठरते.

कार्यालयांची बाजू न समजता या विषयावर लिहिणे अन्यायाचे होईल. एका गृहनिर्माण अभियंत्याकडे अनेक गावे असतात, जोत्यापासून छतापर्यंत प्रत्येक टप्प्याचे छायाचित्र घरापाशी जाऊनच घ्यावे लागते, आणि मंजुरी व हप्ते आवाससॉफ्ट या संगणक प्रणालीतूनच जातात. २०१८-१९ चे सर्वेक्षण संपल्यानंतर केंद्रीय योजनेत नवे नाव घालण्याची सोय २०२४ नंतरच्या सर्वेक्षणापर्यंत स्थानिक अधिकाऱ्याच्या हातात नव्हती. गायरानावरील घराच्या बाबतीत २०११ च्या जगपाल सिंग निकालाने सार्वजनिक जमिनींवरील अतिक्रमणे नियमित करण्यावर कडक मर्यादा घातल्या आहेत, तर दुसरीकडे भूमिहीन लाभार्थ्याला जागा मिळवून देण्याची जबाबदारी योजनेनेच राज्यावर टाकली आहे. या दोन्हींच्या मध्ये गटविकास अधिकारी सापडतो. अशा वेळी तो गप्प राहतो, कारण ‘हो’ म्हणणे त्याच्या हातात नसते आणि ‘नाही’ लिहिले तर जबाबदारी येते. परंतु ‘नवीन नाव घालण्याची सुविधा सध्या बंद आहे, सर्वेक्षण सुरू झाल्यावर आपला अर्ज विचारात घेतला जाईल’ हे लिहून देणे हाही निर्णयच आहे, तो प्रामाणिक आहे, आणि त्याने अर्जदाराच्या तालुक्याच्या फेऱ्या थांबतात. अधिकार नसणे हे उत्तर न देण्याचे कारण होऊ शकत नाही.

विलंबाची किंमत केवळ वेळेत मोजता येत नाही, कारण वेळेबरोबर नियमही बदलतात. केंद्रीय योजनेत पूर्वी १३ निकषांवर कुटुंब आपोआप वगळले जाई. दुचाकी किंवा फ्रिज असणे, घरातील कोणाचे मासिक उत्पन्न १०,००० रुपयांहून अधिक असणे ही त्यांतील काही कारणे होती. २०२४ मध्ये हे निकष १० वर आले, दुचाकी व फ्रिजची अट गेली आणि उत्पन्नाची मर्यादा १५,००० रुपये झाली. हा बदल अर्जदारांच्या हिताचा होता, पण प्रत्येक बदल तसा असेलच असे नाही, आणि तमिळनाडू राज्य विरुद्ध हिंद स्टोन (१९८१) या खाणपट्ट्यांसंबंधीच्या निकालानुसार अर्जाच्या दिवशीचाच नियम लागू करून घेण्याचा हक्क अर्जदाराला नसतो. म्हणजे टेबलावर पडून राहिलेल्या अर्जाचे भवितव्य अर्जदाराच्या पात्रतेवर नव्हे, तर तो किती काळ पडून राहिला यावर ठरू शकते. शिवाय अनुदानाची रक्कम आणि सिमेंट, लोखंड, वाळू व गवंड्याची मजुरी यांतील अंतर दर वर्षी वाढत जाते. उशिरा मिळालेल्या अनुदानात अर्जाच्या वर्षी बांधता आले असते तेवढे घर बांधता येत नाही, आणि उरलेली रक्कम सावकाराकडून किंवा ऊसतोडीच्या मुकादमाकडून आगाऊ घेतलेल्या उचलीतून येते.

मुदतीची शिस्त राज्याच्या कायद्यात पूर्वीपासून आहे. शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध करणाऱ्या २००५ च्या महाराष्ट्र अधिनियमातील कलम १० नुसार सामान्यतः कोणतीही नस्ती शासकीय कर्मचाऱ्याकडे कामाच्या सात दिवसांहून अधिक काळ राहू नये, इतर विभागाकडे पाठवण्याची गरज नसलेल्या प्रकरणात ४५ दिवसांत आणि गरज असल्यास तीन महिन्यांत निर्णय व्हावा. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ ने अधिसूचित सेवांसाठी मुदत, अपिले आणि कसुरीबद्दल ५०० ते ५,००० रुपयांची शास्ती ठेवली आहे. नमुना ८ चा उतारा त्या सेवांमध्ये येतो, त्यामुळे घरकुलाच्या मार्गातला एक अडथळा तरी न्यायालयाबाहेर दूर करता येतो. घरकुलाच्या अर्जावरील निर्णय हीच सेवा अधिसूचित करून तिला मुदत लावली, तर या लेखात वर्णिलेल्या याचिकांपैकी बहुतेकांची गरजच राहणार नाही. तोवर ज्यांना न्यायालयात जावे लागते त्यांनी खर्चाच्या भीतीने थांबू नये, कारण विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती आणि दिव्यांग यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, आणि त्यासाठीचा अर्ज तालुका विधी सेवा समितीतही करता येतो.

उच्च न्यायालयाचा सर्वोच्च स्वरूपाचा अधिकार एका कार्यालयाला आलेल्या पत्राचे उत्तर देण्यासाठी वापरावा लागणे, ही लोकप्रशासनाची उणीव आहे. पण ती भरून निघेपर्यंत हा अधिकार वापरणे हे अर्जदाराचे आणि त्याच्या वकिलाचे काम आहे, आणि त्यात संकोच बाळगण्याचे कारण नाही. अर्ज कधी मिळाला, निर्णय कोणी घेतला, कोणत्या कारणाने घेतला आणि तो मान्य नसल्यास कोठे जावे, एवढे लिहिलेले एक पान प्रत्येक घरकुल अर्जदाराला न मागता मिळाले पाहिजे. त्यासाठी नवा कायदा लागत नाही, वाढीव निधी लागत नाही, वरून आदेशही यावा लागत नाही. गटविकास अधिकाऱ्याने ठरवले तर ते उद्यापासून सुरू होऊ शकते. ते ज्या तालुक्यात होईल, तेथील घरकुलाच्या प्रश्नाचे निम्मे दुःख संपेल.